आदिदासचे स्टॅन स्मिथ : बूट झकास, पण जिभेवरचा माणूस कोण ते पण कळू दे

आधी बुटांबद्दल. पांढरेशुभ्र, टाचेवर हिरवा तुकडा, आणि बाजूला कंपनीचे नेहमीचे तीन पट्टे नाहीत तर बारीक भोकांच्या तीन ओळी, त्यामुळे कुठेही मिरवल्यासारखं वाटत नाही. जीन्सवर, कुर्त्यावर, ऑफिसला, हळदीला, सगळीकडे चालतात. नवे असताना टाचेला चावतात, सुरुवातीला जाड सॉक्स घाला, नंतर सैल पडतात. नंबर मोठा येतो, मी नेहमीपेक्षा अर्धा नंबर लहान घेतलाय आणि तो बरोब्बर बसलाय. २०२१ ला कंपनीने या बुटाला चामड्याऐवजी काही अंशी रिसायकल केलेलं सिंथेटिक आणलं, माझा जोड तसलाच, त्यामुळे ओल्या फडक्याने पुसलं की चिखल निघतो, पण बोटं वाकतात तिथल्या सुरकुत्या काही जात नाहीत आणि मे महिन्यात आत पाय घामेजतो.

आता माझी खरी तक्रार. बुटाच्या जिभेवर, म्हणजे लेसखालच्या पट्टीवर, एका माणसाचा चेहरा आणि खाली सही आहे. दुकानात पोरं म्हणतात 'स्टॅन स्मिथ दाखवा', पण तो कोण ते ना पोरांना माहीत ना दुकानदाराला, आणि माझ्या बॉक्समध्ये त्याच्याबद्दल एक ओळसुद्धा नव्हती. मला हे फार लागतं.

स्टॅन स्मिथ म्हणजे कॅलिफोर्नियातल्या पॅसाडेनाचा सव्वासहा फुटी टेनिसपटू. लहानपणी डेव्हिस कपच्या, म्हणजे देशादेशांतल्या टेनिस स्पर्धेच्या, लढतीला बॉलबॉय व्हायला गेला तर धांदरट आहे, खेळाडूंच्या मध्ये येईल म्हणून परत पाठवला, आणि पुढे त्याच डेव्हिस कपमध्ये अमेरिकेचा हुकमी खेळाडू झाला. १९७१ ची यूएस ओपन यान कोडेशला हरवून जिंकली तेव्हा तो सैन्यात नोकरीला होता. १९७२ ला विम्बल्डन, पावसामुळे फायनल पहिल्यांदाच रविवारी गेली, समोर रोमानियाचा इली नास्तासे, पाचवा सेट ७-५ ने स्मिथचा.

पण माझ्या मते त्याचा खरा मोठेपणा त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये बुखारेस्टला दिसला. डेव्हिस कपची फायनल, रोमानियाचं घरचं मैदान, स्मिथच्या सर्व्हची धार कमी करणारं मातीचं कोर्ट, समोर नास्तासे आणि त्याचा जोडीदार तिरियाक, आणि लाइनवरचे कॉल यजमानांकडे झुकलेले म्हणून ती लढत आजही बदनाम आहे. स्मिथने पहिल्या दिवशी नास्तासेला सरळ सेटमध्ये लोळवलं, दुसऱ्या दिवशी संघातल्या व्हॅन डिलनबरोबर डबल्स काढली, आणि मग तिरियाकने पाच सेटपर्यंत ताणल्यावर पाचवा सेट घेतला ६-०. पाच सामन्यांच्या लढतीतला अमेरिकेचा तिसरा विजय तोच, कप अमेरिकेला. अशा गोंधळात डोकं शांत ठेवायचं म्हणजे काय ते टेनिस खेळणाऱ्याला विचारा.

खेळणं संपल्यावर हा माणूस घरी बसला नाही. अमेरिकेच्या राष्ट्रीय टेनिस संघटनेसाठी (यूएसटीए) कोच म्हणून राहिला, राष्ट्रीय पातळीवरच्या पोरांना घडवलं, सिडनी ऑलिम्पिकला २००० साली अमेरिकेच्या पुरुष टीमचा कोच होता, पुढे अमेरिकेतच हिल्टन हेड या ठिकाणी भागीदारीत टेनिस अकॅडमी काढली. दक्षिण आफ्रिकेत वर्णभेद चालू असताना मार्क मथाबाने नावाच्या कृष्णवर्णीय पोराला अमेरिकेत टेनिसची स्कॉलरशिप मिळावी म्हणून त्याने धडपड केली आणि १९७८ ला तो पोरगा तिकडे शिकायला गेला. माझ्या लेखी ही गोष्ट विम्बल्डनच्या कपापेक्षा खाली नाही.

बूट तरी मुळात याचा कुठे होता, १९६० च्या दशकात तो फ्रेंच खेळाडू रॉबेर आयेच्या नावाने निघाला, तो रिटायर झाल्यावर कंपनी स्मिथकडे आली आणि मधली काही वर्षं चेहरा स्मिथचा आणि नाव आयेचं असे बूट विकले गेले!

तर कंपनीने बॉक्समध्ये एक साधं कार्ड टाकावं, बुखारेस्ट आणि कोचिंग दोन्ही लिहून, त्याला कितीसा खर्च येतो.

आणि हो, नाव टेनिसवाल्याचं असलं तरी हे घालून आज टेनिस खेळू नका. सोल सपाट आहे, आजच्या कोर्ट शूजसारखा बाजूला आधार नाही, हार्ड कोर्टवर झटकन वळलात तर घोटा मुरगळेल. खेळायला वेगळे कोर्ट शूज घ्या. रोजच्या वापराला मात्र पाचपैकी साडेचार, सेल लागला की घ्या, पूर्ण किमतीला जरा जड जातात.