मंतरलेली पोथी म्हणून मला विकलेली छापील पानं

गेली तीन वर्षं मी एक अद्भुत कादंबरी लिहिते आहे. तिचा नायक लेखनिक आहे. तो बोरूने जे उतरवतो ते खरं होतं, म्हणून राजाने त्याला दफ्तरखान्यात कोंडून ठेवलंय. जुन्या पोथ्यांच्या शेवटी लेखनिक लिहून ठेवायचे, 'यादृशं पुस्तकं दृष्टं तादृशं लिखितं मया', जसं दिसलं तसं उतरवलं. त्या ओळीवरून मला तो सुचला. त्याच्या हातचं पान कसं दिसत असेल, बोटांना कसं लागत असेल, हे कळायला मला एक खरी पोथी हाताळायची होती. नेमकी हीच ओढ त्या माणसाने हेरली.

जुन्या वस्तू विकणाऱ्या या गृहस्थाचा नंबर ओळखीतून मिळाला होता. त्याने सुरुवातीला काही विकायचं नावच काढलं नाही. कादंबरीची चौकशी केली, लेखनिकाबद्दल खोदून खोदून विचारलं. दोन दिवसांनी फोटो आले. लाकडी पाट्यांमध्ये ठेवून लाल कापडात बांधलेली, २४ पानांची मोडी पोथी. "ताई, मंत्रांची पोथी आहे. लिहिणाऱ्याला सिद्धी होती म्हणतात. तुमचा लेखनिकच समजा." शेवटच्या पानावर शके १६४२, म्हणजे तीनशे वर्षांपूर्वीची. किंमत २२,००० रुपये. "आणि कुणाला दाखवू नका हं. सरकारी कायदा आहे, उगाच लचांड मागे लागेल."

त्याच्या या शेवटच्या वाक्यापाशी जरा थांबा. कायदा खरोखरच आहे, १९७२ चा. ७५ वर्षांहून जुनी महत्त्वाची हस्तलिखितं त्याच्या कक्षेत येतात आणि पुरावस्तूंचा व्यापार करणाऱ्याला परवाना लागतो. म्हणजे कागद त्याने मला दाखवायला हवे होते. त्याने उलट भीती माझ्या पदरात टाकली, आणि मी ती मुकाट्याने घेतली. घरातसुद्धा कुणाला बोलले नाही. ५,००० आगाऊ ऑनलाइन पाठवले, उरलेले १७,००० स्वारगेटजवळ रोख दिले आणि ते गाठोडं छातीशी धरून घरी आले.

महिनाभर रोज रात्री पानं काढून बघत होते. शेवटी वाचता येईना म्हणून मोडी शिकवणाऱ्या एका सरांकडे गेले. त्यांनी पहिलं पान उजेडात तिरकं धरलं आणि हळूच विचारलं, "कितीला घेतलीत?"

पहिली चूक त्यांनी रेघेतच दाखवली. मोडी लिहिणारा आधी पानाच्या या कडेपासून त्या कडेपर्यंत आडवी रेघ ओढायचा आणि मग तिच्याखाली अक्षरं लिहीत जायचा. माझ्या पोथीत रेघ प्रत्येक शब्दानंतर तुटत होती. मोडीत ऱ्हस्व-दीर्घाचा भेद सहसा पाळत नाहीत. इथे तो शाळेच्या पुस्तकासारखा पाळला होता. शिवाय मोडी ही मुख्यतः पत्रांची, हिशेबांची, दफ्तराची लिपी. पोथ्या बहुतेक बाळबोधीत, म्हणजे देवनागरीत लिहीत. मग भिंग लावलं. पानावरचा प्रत्येक 'क' तंतोतंत सारखा. हाताने लिहिलेल्या अक्षराची शाई कुठे दाट, कुठे फिकी होते, कागदात थोडी मुरते. इथे सगळीकडे एकच काळपट थर, वर बारीक ठिपके. छपाई होती ती.

कसरीची भोकं मला फार खरी वाटली होती. सरांनी चार पानं एकावर एक ठेवली. कीड गठ्ठा पोखरत जाते, त्यामुळे लागोपाठच्या पानांवर भोक साधारण त्याच जागी येतं. इथे प्रत्येक पानावर भलतीकडेच, आणि कडा तापलेल्या सुईने भाजल्यासारख्या. एकाही भोकाने अक्षर तोडलेलं नव्हतं.

तारखेचा उलगडा मी स्वतः घरी केला, आणि हा तुम्हालाही जमेल. पोथीत शके १६४२ पुढे 'खर नाम संवत्सर' लिहिलं होतं. संवत्सरांची नावं साठ वर्षांनी पुन्हा येतात. टाळेबंदीतला तो पाडवा आठवा, मार्च २०२० चा. तेव्हा शके १९४२ सुरू झालं, शार्वरी नाम संवत्सर. त्यातून तीनशे, म्हणजे साठ पाचा वजा केले तरी शार्वरीच येतं. खर नाही.

त्याचा फोन तोवर बंद झाला होता. ऑनलाइन पैसे गेले की लगेच १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर कळवायचं असतं. मी महिना घालवला. बँकेत आणि पोलीस ठाण्यात अर्ज दिलाय. रोख रकमेची पावती नाही, पैसे परत आलेले नाहीत. पुण्यात भारत इतिहास संशोधक मंडळ आहे, भांडारकर संस्था आहे. जुन्या लिखाणासाठी मी आधी तिथे चौकशी करायला हवी होती.

गेल्या आठवड्यात एका मैत्रिणीने मला फोटो पाठवले, "घेऊ का?" म्हणून. पाट्या वेगळ्या, कापड हिरवं, गोष्ट एका वैद्याच्या घरची. पण पहिल्या पानाच्या डाव्या कोपऱ्यात बदामासारखा चहाचा डाग आहे, टोक खाली वळलेलं. माझ्या पानावर तोच डाग त्याच जागी आहे, कारण तोही छापलेला आहे. असा फोटो तुमच्याकडे आला तर पैसे पाठवू नका आणि तो नंबर पोलिसांना द्या.