सोलापूर–धुळे हायवे, आपल्या गाडीने: एक पावसाळा आणि एक हिवाळा फिरून झाल्यावर

सोलापूर-धुळे हायवेबद्दल कोणालाही विचारा, उत्तर ठरलेलं आहे: रस्ता मस्त झालाय, पाच तासांत संभाजीनगर. खरं आहे ते. आम्ही मात्र गेल्या ऑगस्टपासून हा रस्ता तुकड्यातुकड्याने, वाटेत उतरत वापरतोय. शनिवार-रविवार, आपली छोटी हॅचबॅक, पॅकेज नाही, टूर नाही. आम्ही दोघं आणि बहुतेक वेळा बाबा. आता पावसाळा आणि हिवाळा दोन्ही पाहून झाले, म्हणून सविस्तर लिहितो.

आधी हाच रस्ता का, ते सांगतो. इसवी सनाच्या पहिल्या शतकातल्या 'पेरिप्लस' या ग्रीक प्रवासवर्णनात लिहिलंय की भडोच बंदरापासून दक्षिणेला वीस दिवसांच्या वाटेवर पैठण लागतं आणि तिथून पूर्वेकडे दहा दिवसांवर तगर नावाचं मोठं शहर आहे. हे तगर म्हणजे आपलं धाराशिव जिल्ह्यातलं तेर. तेरहून पैठण, पैठणहून वेरूळच्या डोंगरांकडे, मग सातमाळ्याची रांग ओलांडून खानदेशात आणि पुढे भडोच. सोलापूर-धुळे रस्त्याचा, म्हणजे हायवे ५२ चा, नकाशा समोर ठेवला की आजचा डांबरी रस्ता त्याच जुन्या वाटेच्या आसपास चालतो हे लक्षात येतं. वाटेतली ठिकाणं सुटी सुटी पाहिली तर प्रत्येक ठिकाण 'बरं आहे' एवढंच वाटतं. ओळीने पाहिली की ती एकमेकांबद्दल बोलायला लागतात. माझ्या मते या रस्त्याची खरी किंमत तीच आहे.

आता वापराच्या गोष्टी. फास्टॅगचा वार्षिक पास १५ ऑगस्ट २०२५ ला सुरू झाला, तेव्हाच घेतला. तेव्हा तो ३,००० रुपयांना होता; २०० फेऱ्या किंवा एक वर्ष, जे आधी संपेल ते. हायवे ५२ वरच्या नाक्यांवर तो चालतो आणि एक नाका ओलांडला की एक फेरी मोजली जाते. समृद्धी आणि मुंबई-पुणे एक्सप्रेसवेवर तो लागू नाही, तिथे नेहमीसारखे पैसे कापले जातात. आमच्यासारखं वारंवार उतरत-चढत फिरणाऱ्याला पास नक्की परवडतो, कारण 'एवढ्यासाठी पुन्हा टोल कशाला' हा विचारच डोक्यात येत नाही. वर्षातून दोनदा जाणार असाल तर घेऊ नका.

नकाशा घरूनच डाउनलोड करून ठेवा. हायवेवर रेंज असते, पण नळदुर्गच्या तटाखाली, रामलिंगच्या दरीत आणि पितळखोऱ्याच्या लेण्यांत फोन नुसता घड्याळ म्हणून उरतो. दुसरी गोष्ट, जिल्हा गॅझेटियर, म्हणजे जिल्ह्याची सविस्तर माहिती देणारे सरकारी ग्रंथ. राज्य शासनाने ती ऑनलाइन मोफत ठेवली आहेत. जायच्या आदल्या रात्री त्या गावाची पानं वाचून निघायचं, एवढी एकच शिस्त आम्ही पाळली. गाइडशिवाय फिरण्यात जे कमी पडतं त्यातलं निम्मं तिथेच भरून निघतं.

गाडीबद्दल एकच सांगणं: पावसाळ्यात काळ्या मातीच्या कच्च्या रस्त्यावर घालू नका, मग 'फक्त पाचशे मीटर' असलं तरी. ती माती चाकाला धरते आणि सोडत नाही. सप्टेंबर २०२५ च्या पुरात सोलापूर, धाराशिव, बीड या जिल्ह्यांत जे झालं त्यानंतर आम्ही बरेच दिवस बाहेरच पडलो नाही. ज्या गावांची शेतं वाहून गेली तिथे कॅमेरा घेऊन जायला मन होईना.

सुरुवात नळदुर्गने केली. तो हायवे ५२ वर नाही, सोलापूर-हैदराबाद रस्त्यावर आहे, पण तिथून तुळजापूरला येऊन ५२ पकडता येतो. दुसऱ्या इब्राहिम आदिलशहाच्या काळात, १६१३ मध्ये, बोरी नदीवर धरण बांधून त्या धरणाच्या भिंतीतच पाणीमहाल काढलाय. धरण भरलं की नर आणि मादी या दोन सांडव्यांवरून पाणी कोसळतं, आणि आत महालात उभं राहिलं तर खिडकीसमोरून पाण्याचा पडदा जातो. आतली जमीन कोरडी! चारशे वर्षांपूर्वीच्या बांधकामावर याहून मोठं प्रशस्तिपत्रक मला सुचत नाही. पावसाळ्यातला रविवार टाळाच. आठवड्याच्या मधल्या दिवशी, सकाळी लवकर जा.

नान्नजचं माळढोक अभयारण्य सोलापूरपासून अगदी जवळ, बार्शी रस्त्यावर. १९७९ साली जाहीर झालं तेव्हा कागदावर ८,४९६ चौरस किलोमीटर होतं, नंतर ते १,२२२ वर आणलं. माळढोक दिसेल या आशेने जाऊ नका. तो पक्षी इथून जवळजवळ संपलाय आणि याचं मला मनापासून वाईट वाटतं. पण गवताळ माळ म्हणजे काय ते बघायचं असेल तर याच्यासारखी जागा नाही. पहाटे काळविटांचा कळप गवतातून उड्या मारत जातो तेव्हा आजूबाजूला एकही झाड नसतं, आणि नसायलाच हवं. 'ओसाड' म्हणून ज्या जमिनींवर आपण झाडं लावायला धावतो त्या मुळात अशा गवताच्या आहेत, हे इथे कळतं. नशीब असेल तर लांडगाही दिसतो.

आता तेर. धाराशिव-येडशी पट्ट्यातून आत वळावं लागतं, आणि या सगळ्या रस्त्यावर मला सर्वांत जास्त आवडलेलं गाव हेच. वारकऱ्यांना ते गोरोबाकाकांचं म्हणून माहीत असतं, आणि नदीकाठचं त्यांचं मंदिर गजबजलेलं असतं. त्रिविक्रम मंदिर मात्र गावाच्या आत आहे. बाहेरून पाहिलं तर चुना लावलेली, पाठीमागे गोलाकार, वर पालथ्या नावेसारखं छप्पर असलेली विटांची इमारत. कार्ल्याचं, भाज्याचं चैत्यगृह, म्हणजे लेण्यातलं बौद्ध प्रार्थनागृह, डोंगरातून उचलून गावात ठेवावं आणि विटांनी बांधावं, तसा तिचा आकार. लेणी खोदणाऱ्यांनी ज्या बांधीव इमारतींची नक्कल दगडात केली त्या जवळजवळ सगळ्या नष्ट झाल्या. त्या जातीची उभी राहिलेली ही फार दुर्मीळ वास्तू आहे. आज आत विष्णूचा त्रिविक्रम अवतार आहे, पूजा चालू आहे. बाबा बराच वेळ पाठीमागच्या गोल भिंतीला हात लावून फिरत होते. देवळातल्या मावशी म्हणाल्या, "बघा निवांत, इथं कुणी घाई करत नाय."

तेरचं लामतुरे संग्रहालय चुकवू नका. सोमवार टाळून जा. सातवाहन काळातली मातीची खेळणी, मणी, शंखाचे दागिने, मृण्मूर्ती. तेरमध्ये सापडलेली एक हस्तिदंती स्त्रीमूर्ती इटलीतल्या पाँपेईत १९३८ साली मिळालेल्या मूर्तीच्या कुळातली आहे. इथल्या कारागिरीचा माल समुद्रापार जात होता याचा याहून बोलका पुरावा कुठला? माझी तक्रार एवढीच की हायवेवर तेरचं नाव जितकं ठळक हवं तितकं दिसत नाही. शेजारून रोज हजारो गाड्या जातात, आत वळणाऱ्या फार थोड्या.

येडशीचं रामलिंग घाट अभयारण्य छोटं आहे, बावीस चौरस किलोमीटरच्या आसपास. दरीत महादेवाचं मंदिर, पावसात धबधबा, आणि माकडं, जी हातातली पिशवी हक्काने घेतात. दोन तास पुरतात. धाराशिवची लेणी त्याच दिवशी होतात. बीडजवळ हायवेलगत खजाना विहीर आहे. निजामशाहीतल्या या विहिरीतून भुयारी कालव्याने पाणी पुढे नेलंय. अर्ध्या तासाचा थांबा, पण कराच. नायगावचं मयूर अभयारण्य आडवाटेला आहे. आम्हाला मोर ऐकू भरपूर आले, दिसले कमी.

खाण्याचं एक सांगतो, कारण नवखी मंडळी ढाब्यांच्या भरवशावर निघतात. सोलापूरहून कडक भाकरी आणि शेंगाचटणी घेऊन निघा. दोन दिवस काही होत नाही, आणि पितळखोऱ्यासारख्या ठिकाणी दुसरं काही मिळतही नाही.

पाचोडला हायवे सोडून पैठण. इथे सातवाहनांची राजधानी होती हे शाळेपासून पाठ असतं, पण गावात ते डोळ्यांना दिसेल अशी अपेक्षा ठेवू नका. दिसतात नाथांचा वाडा, घाट आणि वर अथांग नाथसागर, म्हणजे जायकवाडी धरणाचा जलाशय. जायकवाडी धरणाची पायाभरणी १९६५ ची, उद्घाटन १९७६ चं. त्याच्या उथळ काठांवर हिवाळ्यात रोहित (फ्लेमिंगो) आणि चक्रवाक, थापट्या ही बदकं येतात. पाणी कमी-जास्त झालं की पक्ष्यांची जागा बदलते, म्हणून जुन्या फोटोंवरच्या ठिकाणांवर विसंबू नका. काठावरच्या मच्छीमारांना विचारा. आम्हाला ज्या काकांनी जागा दाखवली त्यांनी आधी दम दिला, "गाडी इथंच लावा, पुढं पायी. हॉर्न वाजला की सगळे उडतेत." दुर्बीण हवीच. फोनच्या झूमने गुलाबी ठिपके येतात फक्त.

देवगिरी आणि वेरूळबद्दल भरपूर लिहून झालंय, म्हणून कामापुरतं. वेरूळ मंगळवारी बंद, तिकीट ४० रुपये, ऑनलाइन काढलं तर ३५. देवगिरीला २५. वेरूळची लेणी पश्चिमेकडे तोंड करून आहेत, त्यामुळे दुपारनंतर ऊन आत शिरतं. सकाळी देवगिरी चढा आणि तीननंतर वेरूळला जा. या दोन ठिकाणी मात्र पहिल्या खेपेला गाइड घ्याच. देवगिरीच्या अंधारीत, म्हणजे किल्ल्यातल्या काळोख्या भुयारात, शत्रूला कसं चकवत असत हे तिथेच उभं राहून ऐकण्यात मजा आहे, पुस्तकात नाही.

आणि पितळखोऱ्याची बौद्ध लेणी. कन्नडच्या पुढे, घाट उतरण्याआधी कालीमठाकडे वळायचं. गौताळा औट्रमघाट अभयारण्याच्या हद्दीत, पठाराच्या कडेला गाडी लावली की समोर काहीच नसतं. लेणी पायाखाली आहेत! पायऱ्या दरीत उतरतात, ओढा ओलांडावा लागतो. पावसाळ्यात पायऱ्या निसरड्या असतात, आणि चढून परत यायचं आहे हे गुडघेदुखी असलेल्यांनी उतरण्याआधी लक्षात घ्यावं. बाबा हिवाळ्यात आले, थांबत थांबत उतरले. ऑक्टोबर ते जानेवारी हाच काळ मी सुचवेन. तिकीट नाही. पाणी वरूनच न्या.

खडक इथे ठिसूळ आहे, बरंच काही कोसळलंय. पण चौथ्या लेण्याच्या जोत्यावर हत्तींची रांग आहे, एकाला लागून एक, जणू सगळा विहार, म्हणजे भिक्षूंचं निवासस्थान, त्यांनी पाठीवर घेतलाय. शेजारी दार, दाराशी दोन द्वारपाल, अंगात जाड वस्त्र, हातात भाला आणि ढाल. दारातून आत जिना वर जातो. आणि बाजूला पाच फण्यांचा नाग कोरलाय. लेण्यात येणारं पाणी दगडातल्या नळीतून आणून त्याच्या फण्यांमधून बाहेर सोडायची ही सोय होती. वाकून बघितलं तर फण्यांतली भोकं अजून दिसतात. पाण्याचा निचरा करायचा तोही इतका देखणा, हे बघून मी तिथून हललोच नाही.

तिसऱ्या लेण्याच्या खांबांवर ब्राह्मीत देणगीदारांची नावं आहेत. एक खांब पैठणच्या गांधिक कुळातल्या, म्हणजे सुगंधी द्रव्यांचा व्यापार करणाऱ्या घरातल्या, मितदेवाने दिला. चौथ्या लेण्यातली देणगी मगिल नावाच्या राजवैद्याची. दोन हजार वर्षांपूर्वी पैठणचा अत्तरवाला या घाटवाटेवर येऊन एका खांबाचे पैसे देतो. आम्ही त्याच पैठणहून आदल्या संध्याकाळी निघालो होतो. तेर, पैठण, पितळखोरे हा क्रम सांगतोय तो यासाठीच. उलट दिशेने गेलात तर पितळखोऱ्यात 'पतिठान' हे पैठणचं जुनं नाव भेटेल, पण अंगावर काटा येणार नाही.

रात्री गाडी चालवणं टाळा, विशेषतः नोव्हेंबरपासून. साखर कारखाने सुरू झाले की सोलापूर-धाराशिव-बीड भागात उसाच्या दोन-दोन ट्रॉल्या ओढणारे ट्रॅक्टर अंधारात चालतात, आणि मागे दिवा तर सोडाच, साधी लाल पट्टीही नसते. चौपदरी रस्त्यावर उलट्या बाजूने येणारी दुचाकी ही दुसरी धास्ती. सूर्य मावळला की मुक्कामाला, हा नियम आम्ही एकदाही मोडला नाही.

कन्नडचा घाट उतरला की चाळीसगाव, आणि तिथून साधारण अठरा किलोमीटरवर पाटणादेवी. गंमत अशी की हे ठिकाण पितळखोऱ्याच्या बरोबर खाली आहे. वरून सरळ रेषेत अगदी जवळ, गाडीने मात्र अख्खा घाट फिरून यावं लागतं. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव, यादव राजा सिंघणाचा ज्योतिषी, याने आजोबांच्या 'सिद्धान्तशिरोमणी' या गणित-ज्योतिषाच्या ग्रंथाच्या अभ्यासासाठी इथे मठ काढला. हे सांगणारा १२०७ च्या सुमाराचा शिलालेख भाऊ दाजी लाड यांनी उजेडात आणला. गणित शिकणारी मुलं असतील तर त्यांना इथे जरूर आणा. पाटणादेवीहून पितळखोऱ्याला चढून जाणारी पायवाट आहे, पण ती अभयारण्यातून जाते; वनखात्याच्या नाक्यावर विचारून, स्थानिक वाटाड्या सोबत घेऊन, आणि हिवाळ्यातच. गाडी चाळीसगावच्या बाजूला लावलीत तर परतीला पुन्हा खालीच उतरायचं आहे, म्हणून सकाळी सातच्या आत चढायला लागा आणि माणशी तीन लिटर पाणी घ्या.