नौपाड्यातली लायब्ररी: काकांना पाच स्टार, ॲपला एक

आधी तक्रार सांगून टाकते म्हणजे मी मोकळी. ॲप भंगार आहे. पुस्तक अव्हेलेबल दाखवतं आणि आपण ठाण्यात नौपाड्यातल्या त्या गल्लीत स्कूटर कशीबशी घुसवून, जिना चढून वर गेलो की कळतं ते महिनाभर कुणाकडे तरी पडून आहे. घरपोचचा वार गुरुवार, येतात शनिवारी, पिशवी वॉचमनकडे टाकून पसार. डिपॉझिटची पावती दोनदा मागितली तेव्हा मिळाली.

तरी रिन्यू केलं ते काउंटरवरच्या काकांमुळे. लहानपणी आजोबांच्या कपाटातले बाबूराव अर्नाळकरांच्या रहस्यकथा वाचल्यात, झुंजार, काळापहाड वगैरे, तसलं काहीतरी इंग्लिश द्या म्हटलं. काका म्हणाले हॅमेट वाचा, डॅशियल हॅमेट. कादंबरी दिलीच नाही आधी, कथांचं पुस्तक दिलं, पाठीला सेलोटेप, पानं पार चहाच्या रंगाची, आणि वर सांगितलं, "कादंबऱ्या पाचच आहेत हो, पुरवून वाचा."

खरंच पाचच. १९२९ ते १९३४ एवढ्यात सगळं आटोपलं आणि माणूस गेला १९६१ ला, म्हणजे मधली सत्तावीस वर्षं एकही नाही. अर्नाळकरांच्या हजाराच्या वर, आणि इथे पाच!

हा हॅमेट स्वतःच आधी पिंकर्टन नावाच्या अमेरिकेतल्या खाजगी डिटेक्टिव्ह एजन्सीत डिटेक्टिव्ह होता, टीबीनं नोकरी सुटली तेव्हा लिहायला लागला. १९२३ मध्ये त्यानं नोकरीतले किस्से छापलेत, त्यातला एक भारी आहे. ज्याच्या मागावर होता तो माणूस रविवारी गावाबाहेर फिरायला गेला आणि रस्ताच चुकला, शेवटी ह्यालाच त्याला शहराकडे वळवावं लागलं. म्हणजे आपण लपतछपत येऊरच्या जंगलापर्यंत मागे जायचं आणि त्यानंच वळून विचारायचं, दादा, स्टेशनला कसं जायचं?

कथांमधला डिटेक्टिव्हही हिरोबिरो नाही, बुटका, जाडा, चाळिशीतला, नाव शेवटपर्यंत कळतच नाही. साहेबाला रिपोर्टमध्ये काय लिहायचं ह्याचीच त्याला धास्ती. ऑफिसात काम करणाऱ्याला हे लगेच पटतं.

पण खरी मजा १९३० च्या 'द माल्टीज फाल्कन' कादंबरीत. तिथला डिटेक्टिव्ह वेगळा, सॅम स्पेड. त्याला मध्यरात्री फोन येतो, पार्टनरचा खून झालाय. आणि हा गडी काय करतो तर सिगरेट वळत बसतो. कागद कसा धरला, तंबाखू कशी पसरली, कडेला जीभ कशी लावली, सगळं सांगितलंय, मनात काय चाललंय ते एक अक्षर नाही. रडला का, सुटला का, आपणच त्या बोटांकडे बघत बसायचं. मी हे वाशीच्या ट्रेनमध्ये वाचत होते, ऐरोलीला उतरायचं होतं, मान वर केली तर रबाळे.

१९५१ मध्ये हॅमेट जेलमध्ये पण गेला, जामीन फंडाला पैसे कुणी दिले ती नावं कोर्टात सांगितली नाहीत म्हणून. हे काकांनीच सांगितलं, मागे दोघं पुस्तक बदलायला ताटकळत उभे होते आणि ह्यांचं आपलं चालूच. घाई असेल तर संध्याकाळी सातनंतर जाऊ नका.

चौथी कादंबरी माझ्याकडे आहे, ॲपवर अव्हेलेबल दिसत असेल तर विश्वास ठेवू नका, शनिवारी परत देतेय.