पॅट्रिक रॅडन कीफ : आधी 'से नथिंग' की 'एम्पायर ऑफ पेन'?

पॅट्रिक रॅडन कीफ हे 'न्यू यॉर्कर'चे शोधपत्रकार. गुन्हा, सत्ता आणि त्यांतला पैसा हा त्यांचा प्रांत. त्यांचं एकच पुस्तक वाचायचं असेल तर मी 'से नथिंग' हातात देईन. औषध कंपन्यांच्या व्यवहारात खास रस असेल, तरच आधी 'एम्पायर ऑफ पेन'.

'एम्पायर ऑफ पेन' (२०२१) ही सॅकलर घराण्याच्या तीन पिढ्यांची हकिकत. त्यांच्या पर्ड्यू कंपनीने १९९६ साली ऑक्सिकॉन्टिन ही वेदनाशामक गोळी बाजारात आणली आणि अमेरिकेत व्यसनाची लाट उसळली. पण कीफ गोळीपाशी लगेच येत नाहीत. आधी बरीच पानं पहिल्या पिढीतल्या थोरल्या आर्थर सॅकलरवर आहेत. डॉक्टरांना गाठून औषध कसं खपवायचं, याची रीत त्यांनी व्हॅलियम या चिंता शमवणाऱ्या गोळीच्या काळातच बसवली होती. हा भाग काहींना रेंगाळलेला वाटतो. मला तोच पुस्तकाचा कणा वाटतो. आर्थर १९८७ सालीच वारले, तरी पुढचं सगळं त्यांच्याच रीतीने चाललं.

गोळी हळूहळू विरघळत असल्याने गैरवापराचा धोका कमी होतो 'असं मानलं जातं', अशा अर्थाचं वाक्य सरकारी मंजुरीनिशी माहितीपत्रकात आलं. मंजुरी देणारा अधिकारी काही काळाने पर्ड्यूतच नोकरीला लागला. २००७ मध्ये कंपनीने गुन्हा कबूल केला, मात्र सॅकलरांपैकी कुणावरही खटला झाला नाही. संग्रहालयांच्या भिंतींवर त्यांचं नाव तसंच झळकत राहिलं. हे वाचताना संताप येतो, आणि यायलाच हवा.

अडचण एकच. सॅकलरांनी मुलाखती दिल्या नाहीत. पुस्तक उभं आहे ते मुख्यतः न्यायालयीन कागदपत्रं, ईमेल आणि इतरांच्या आठवणींवर. पुरावा भक्कम आहे, पण ही माणसं मनातून कशी होती, ते शेवटपर्यंत नीट हाती लागत नाही.

'से नथिंग'मध्ये नेमकं तेच हाती लागतं. डिसेंबर १९७२, उत्तर आयर्लंडमधलं बेलफास्ट. जीन मॅकॉनव्हिल या दहा मुलांच्या विधवा आईला घरातून उचलून नेलं जातं. तिचे अवशेष सापडायला २००३ उजाडतं. दुसरीकडे आयआरएची, म्हणजे उत्तर आयर्लंडमधली ब्रिटिश सत्ता संपवू पाहणाऱ्या सशस्त्र संघटनेची, तरुण कार्यकर्ती डोलर्स प्राइस : लंडनमधले बॉम्बस्फोट, तुरुंगातलं उपोषण, नळी घालून बळजबरीने भरवलेलं अन्न. पुढे बॉस्टन कॉलेजच्या एका प्रकल्पात जुन्या कार्यकर्त्यांनी आपल्या आठवणी ध्वनिमुद्रित केल्या, जिवंतपणी त्या बाहेर येणार नाहीत या भरवशावर. तो भरवसा टिकला नाही. कीफ डोलर्सला समजून घेतात, पण मॅकॉनव्हिलच्या मुलांना क्षणभरही नजरेआड करत नाहीत. हा तोल फार थोड्या पत्रकारांना साधतो. उत्तर आयर्लंडचा इतिहास ठाऊक नसला तरी बिघडत नाही. लागेल तेवढा ते सांगत जातात.

मेक्सिकोचे ड्रग माफिया हवे असतील तर ही दोन्ही बाजूला ठेवून 'रोग्ज' (२०२२) घ्या. तो लेखसंग्रह आहे, आणि एल चापोच्या शोधावरचा लेख त्यात आहे. 'एम्पायर ऑफ पेन' घेणाऱ्यांनी एवढं ध्यानात ठेवावं की प्रकरण पुस्तकाबरोबर संपलेलं नाही : सॅकलरांना पुढच्या दाव्यांपासून संरक्षण देणारी तडजोड अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने जून २०२४ मध्ये फेटाळली.