मालवणी डॉक्युमेंटरीला सबटायटल द्यायचे की व्हॉइसओव्हर?

मैत्रिणीने मालवणात रापणकरांवर (समुद्रातलं मोठं जाळं, म्हणजे रापण, किनाऱ्यावरून ओढणारे मच्छीमार) डॉक्युमेंटरी शूट केलीये, सगळं बोलणं मालवणीत, आणि आता अडलंय ते सबटायटल द्यायचे का प्रमाण मराठीत व्हॉइसओव्हर. मी दोन्ही करून बघितलंय म्हणून सांगते.

खर्चात सबटायटल स्वस्त. व्हॉइसओव्हरला स्टुडिओचं भाडं आणि आवाज देणारा, दोन्ही आलं.

मेहनत मात्र सबटायटललाच जास्त, रापण ओढताना दहा जण एकदम बोलतात आणि स्क्रीनवर जागा जेमतेम 2 ओळींची, मग कोणाचं ठेवायचं? माझ्या पहिल्या फिल्ममध्ये "मासो गावाक नाय" चं "मासा गावाला नाही" झालं होतं, खरं तर तो माणूस सांगत होता की मासा मिळालाच नाही. फार वाईट वाटलं. तेव्हापासून तिथल्याच माणसाला दाखवल्याशिवाय भाषांतर फायनल करत नाही.

व्हॉइसओव्हरखाली मालवणी हेल दबतो, "रे मेल्या" मधली माया जाते, मला ते सहन होत नाही. पण वाचता न येणाऱ्या आजीला सबटायटलचा काय उपयोग?

फेस्टिव्हलला पाठवायची तर सबटायटल. विदर्भ-मराठवाड्यात गावोगावी दाखवायची तर व्हॉइसओव्हर, फक्त मूळ आवाज आधी 4-5 सेकंद एकटा ऐकू द्या.