स्वतंत्र स्कॉटलंड की एकत्र ब्रिटन? तिथे राहणाऱ्या मराठी मतदारासाठी तुलना

१८ सप्टेंबर २०१४ रोजी स्कॉटलंडमध्ये सार्वमत झालं. प्रश्न एकच होता : स्कॉटलंड हा स्वतंत्र देश असावा का? ग्लासगोत कायदेशीरपणे राहणाऱ्या भारतीय पासपोर्टधारकाला त्यात मत होतं. इन्व्हरनेसमध्ये जन्मून लंडनला स्थायिक झालेल्या स्कॉटिश माणसाला मात्र नव्हतं. मतदारयादी राहत्या पत्त्यावर बेतली होती. ब्रिटिश, आयरिश, युरोपीय महासंघाचे आणि राष्ट्रकुलातले रहिवासी, वयाची १६ वर्षं पूर्ण झालेले, असे सगळे तिच्यात आले. ८४.६ टक्के मतदान झालं. स्वातंत्र्याच्या बाजूने ४४.७ टक्के मतं पडली, विरोधात ५५.३ टक्के.

इतका स्पष्ट निकाल लागूनही प्रश्न मिटला नाही. होलीरूडच्या, म्हणजे एडिंबरातल्या स्कॉटिश संसदेच्या, प्रत्येक निवडणुकीत तो समोर येतो. एडिंबरा, ग्लासगो, ॲबर्डीन, डंडी इथे नोकरी करणाऱ्या, दवाखान्यात काम करणाऱ्या, विद्यापीठात शिकणाऱ्या मराठी माणसालाही आपलं मत कुठे टाकायचं हे ठरवावं लागतं. हा आढावा त्याच्यासाठी आहे.

सुरुवातीलाच एक गोष्ट बाजूला ठेवावी लागेल. स्वातंत्र्य म्हटलं की आपल्या मनात १९४७ येतं, आणि आपण नकळत स्कॉटलंडला भारताच्या जागी उभं करतो. ते चूक आहे. स्कॉटलंड ही इंग्लंडची वसाहत नव्हती. १६०३ मध्ये स्कॉटलंडचाच राजा सहावा जेम्स इंग्लंडच्या गादीवर बसला. १७०७ मध्ये दोन्ही संसदांनी करार करून एक संसद केली. पनामाच्या भूमीवर वसाहत उभारायची डेरियन योजना त्याआधी काही वर्षं बुडाली होती. तिच्यात स्कॉटिश सरदार-व्यापाऱ्यांचा प्रचंड पैसा गेला होता आणि करारात त्याची भरपाईही होती. सामान्य माणसाला कोणी विचारलं नाही, एडिंबरा-ग्लासगोत दंगे झाले, हेही खरं. पण स्कॉटलंडने आपला कायदा, आपलं चर्च आणि आपली शिक्षणपद्धती राखली आणि पुढे साम्राज्यात बरोबरीने वाटा घेतला. मराठ्यांचा इतिहास लिहिणारा, साताऱ्याचा रेसिडेंट जेम्स ग्रँट डफ हा बँफ गावचा. पेशवाईच्या अखेरीस पुण्यात रेसिडेंट असलेला आणि नंतर मुंबईचा गव्हर्नर झालेला माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टनही स्कॉटिशच. डंडीच्या गिरण्या बंगालच्या तागावर चालत. त्यामुळे ‘गुलामीतून मुक्ती’ हा मुद्दा इथे लागू पडत नाही. जो पडतो तो असा : करार करून एकत्र आलेल्या राष्ट्राला करार मोडायचा हक्क असावा का, आणि असला तरी तो आज वापरणं शहाणपणाचं आहे का?

ओळखीचं काय?

प्रचारात ओळखीवर सर्वांत जास्त बोललं जातं. निवड करताना मात्र तिचा उपयोग सर्वांत कमी होतो, असं मला ठामपणे वाटतं. २०२२ च्या जनगणनेत ६५.५ टक्के लोकांनी आपण फक्त स्कॉटिश आहोत असं नोंदवलं. २०११ मध्ये हे प्रमाण ६२.४ होतं. फक्त ब्रिटिश म्हणवणारे ८.४ वरून १३.९ टक्क्यांवर गेले. चिंता वाटावी असा आकडा तिसरा आहे. स्कॉटिश आणि ब्रिटिश दोन्ही म्हणवणारे १८.३ वरून ८.२ टक्क्यांवर आले, म्हणजे दोन घरांत पाय ठेवून सुखाने राहणारा माणूस कमी होतोय. पण हे आकडे २०१४ च्या निकालाशेजारी ठेवून पाहा. स्वतःला स्कॉटिश मानणाऱ्या असंख्य लोकांनी स्वातंत्र्याला नकार दिला होता. ओळख आणि राज्य या त्यांच्यासाठी दोन वेगळ्या गोष्टी होत्या.

आपल्यासारख्या बाहेरून आलेल्यांना तर हे पक्कं लक्षात ठेवायला हवं. अमृतसरमध्ये जन्मलेले बशीर अहमद १९९५ मध्ये स्वातंत्र्याच्या बाजूने आशियाई लोकांना संघटित करत होते. २००७ मध्ये ते स्कॉटिश नॅशनल पार्टीकडून (एसएनपी) होलीरूडमध्ये निवडून आले, तिथले पहिले आशियाई सदस्य म्हणून. २०२३ मध्ये त्याच पक्षाचे हमझा युसुफ फर्स्ट मिनिस्टर, म्हणजे स्कॉटिश सरकारचे प्रमुख, झाले, तेव्हा लंडनमध्ये ऋषी सुनक पंतप्रधान होते. दोघांचीही मुळं फाळणीपूर्व पंजाबातली. एक ब्रिटन दुभंगायला निघालेला, दुसरा ते राखायला. समोर लेबरचे स्कॉटिश नेते अनस सरवर, तेही ब्रिटनच्या एकजुटीच्या बाजूचे. सरवर कमी स्कॉटिश आणि युसुफ जास्त, असं कोणी गंभीरपणे म्हणत नाही. स्कॉटलंडच्या राष्ट्रवादाची ही खरी कमाई आहे. तो रक्तावर किंवा भाषेवर उभा नाही. २०२२ मध्ये गेलिक या तिथल्या जुन्या भाषेची थोडीफार जाण असलेले लोक अडीच टक्केच निघाले. म्हणून कोणी वंशद्वेष तिथे नाहीच असं सांगितलं तर विश्वास ठेवू नका. तो आहे, दोन्ही बाजूंना आहे, आणि इंग्रजांविषयीचा आकसही कधीकधी उघड दिसतो. पण तुमचं स्कॉटिशपण या सार्वमतावर अवलंबून नाही. हा रकाना दोन्ही बाजूंना सारखाच भरतो, तेव्हा पुढे जाऊ.

पैसा

खरी तुलना इथे आहे.

एकत्र ब्रिटनच्या बाजूचा मोठा आधार म्हणजे सरकारी खर्च. बार्नेट सूत्रानुसार लंडनहून जो निधी येतो, त्यामुळे स्कॉटलंडमध्ये दरडोई सरकारी खर्च ब्रिटनच्या सरासरीपेक्षा दोन हजार पौंडांहून जास्त आहे. औषधाच्या चिठ्ठीला पैसे पडत नाहीत, वृद्धांना घरी मिळणारी देखभाल मोफत आहे, इथे राहणाऱ्या मुलांना पहिल्या पदवीसाठी विद्यापीठाची फी नाही. इंग्लंडमध्ये तीच वर्षाला नऊ हजार पौंडांहून जास्त. दुसरीकडे स्कॉटिश सरकारच्याच हिशेबानुसार २०२३-२४ मध्ये स्कॉटलंडची वित्तीय तूट राष्ट्रीय उत्पन्नाच्या १०.४ टक्के होती, संपूर्ण ब्रिटनची ४.५. यात उत्तर समुद्रातल्या तेलाचा भौगोलिक वाटा धरलेला आहे.

स्वातंत्र्यवाद्यांचं उत्तर असं, की हा आजच्या व्यवस्थेचा ताळेबंद आहे. संरक्षणावर, कर्जाच्या व्याजावर वाटून दिलेला बोजा त्यात आहे. स्वतंत्र देश आपले कर आणि आपला खर्च स्वतः ठरवेल. यात तथ्य आहे. पण दहा टक्क्यांची तूट घेऊन जन्मलेल्या नव्या देशाला कर्ज कोणत्या दराने मिळेल, याचं उत्तर त्यातून मिळत नाही. तेलावर विसंबणं किती धोक्याचं हे तर २०१४ नंतर लगेच दिसलं. सार्वमताच्या वर्षात मध्यापर्यंत शंभर डॉलरच्या वर असलेलं पिंप २०१६ च्या जानेवारीत तीस डॉलरच्या खाली गेलं. ॲबर्डीनमध्ये तेल कंपन्यांत काम करणाऱ्या अनेक भारतीय कुटुंबांनी त्या काळातली नोकरकपात जवळून पाहिली. आता भर वाऱ्यावरच्या विजेवर आहे. स्कॉटलंडकडे ती भरपूर आहे, पण तिचं सर्वांत मोठं गिऱ्हाईक इंग्लंडच असेल.

आणि चलन. २०१४ मध्ये तेव्हाचे फर्स्ट मिनिस्टर, एसएनपीचे ॲलेक्स सॅमंड म्हणाले, पौंड आपण इंग्लंडबरोबर वाटून घेऊ. त्याच वर्षी फेब्रुवारीत अर्थमंत्री जॉर्ज ऑस्बॉर्न यांनी साफ नाही म्हटलं. स्वातंत्र्याची बाजू तिथेच सर्वांत जास्त लंगडी पडली. नंतरची भूमिका अशी, की काही काळ लंडनचा पौंड तसाच वापरायचा आणि मग स्वतःचा स्कॉटिश पौंड आणायचा. त्या मधल्या काळात व्याजदर बँक ऑफ इंग्लंड ठरवणार आणि त्यावर आपला काही हक्क नसणार. तुमचं गृहकर्ज लंडनच्या पौंडात आणि पगार नव्या चलनात अशी वेळ आली, तर चलनाच्या घसरणीचा भार तुमच्या खिशावर येईल. गावी आई-वडिलांना पैसे पाठवणाऱ्यालाही हे लागू आहे. मला अजून एकही उत्तर पुरेसं वाटलेलं नाही.

कर मात्र आजच वेगळे आहेत, हे विसरू नका. २०२५-२६ मध्ये स्कॉटलंडमध्ये ४३,६६२ पौंडांच्या वरच्या उत्पन्नावर ४२ टक्के आयकर लागतो. इंग्लंडमध्ये ५०,२७० च्या वर ४० टक्के. बऱ्याच आयटीवाल्यांचा आणि डॉक्टरांचा पगार नेमका याच पट्ट्यात येतो. मोफत शिक्षणाची किंमत इथे मोजली जाते. मला ती रास्त वाटते. तुम्हाला वाटते का हे तुम्ही ठरवा.

सीमा आणि व्हिसा

२०१६ मध्ये ब्रेक्झिटच्या सार्वमतात स्कॉटलंडच्या ६२ टक्के मतदारांनी युरोपीय महासंघात राहायचं म्हटलं आणि तरी त्यांना बाहेर पडावं लागलं. २०१४ ला ‘महासंघात राहायचं तर ब्रिटनमध्ये राहा’ असं ऐकवलं गेलं होतं. हा राग खरा आहे आणि स्वातंत्र्याच्या बाजूचा हा माझ्या मते सर्वांत भक्कम मुद्दा आहे. स्वतंत्र स्कॉटलंडला महासंघाचं दार उघडं असेल, पण रांगेतून, अटी पाळून. तुटीचा प्रश्न तिथे पुन्हा समोर येईल.

आणि महासंघात गेलं की इंग्लंडच्या सीमेवर मालाची तपासणी आली. स्कॉटलंडबाहेर जाणाऱ्या मालाचा आणि सेवांचा सुमारे ६० टक्के भाग उरलेल्या ब्रिटनमध्ये जातो. ब्रेक्झिटमुळे युरोपशी व्यापार अवघड झाला म्हणून रागावलेल्या माणसाने त्याहून मोठ्या बाजारपेठेबाबत तेच करताना दोनदा विचार करावा. माणसांची ये-जा मात्र बहुधा मोकळी राहील. आयर्लंड आणि ब्रिटन यांच्यात ती आजही तशीच आहे.

स्थलांतराच्या बाबतीत पारडं उलट झुकतं. व्हिसाचे सगळे अधिकार लंडनकडे आहेत. स्कॉटलंडला माणसं हवी आहेत. लोकसंख्या जेमतेम ५५ लाख, जन्म कमी, वृद्ध वाढते. २००४ मध्ये लेबरचे फर्स्ट मिनिस्टर जॅक मॅकॉनेल यांनी ‘फ्रेश टॅलेंट’ योजना जाहीर केली आणि इथून पदवी घेतलेल्या परदेशी विद्यार्थ्यांना दोन वर्षं थांबता आलं. पुढे ती ब्रिटनभरच्या नियमांत विरली आणि २०१२ मध्ये लंडनने शिक्षणानंतरचा कामाचा व्हिसाच बंद केला. २०२१ मध्ये तो परत आला, २०२५ च्या श्वेतपत्रिकेत पुन्हा आखडता घेतला. इंग्लंडमधल्या मतदारसंघांच्या रोषाचा हिशेब स्कॉटलंडमधल्या पुण्या-नाशिकच्या विद्यार्थ्याच्या माथी येतो. स्वतंत्र स्कॉटलंड उदार धोरण नक्की ठेवेल याची हमी नाही, पण तसं करायची गरज आणि मुभा दोन्ही त्याच्याकडे असतील.

ग्लासगोपासून फार लांब नाही अशा फॅसलेनला ब्रिटनच्या ट्रायडंट अण्वस्त्रं वाहणाऱ्या पाणबुड्यांचा तळ आहे. एसएनपीला तो नको आहे. अण्वस्त्रं तुमच्यासाठी तत्त्वाचा प्रश्न असेल तर तेवढ्यावरही निर्णय होऊ शकतो. अनेकांनी तसा केलाही आहे.

मग?

आज सार्वमत झालं तर मी ब्रिटनमध्ये राहण्याच्या बाजूने मत देईन, मुख्यतः चलनामुळे आणि इंग्लंडच्या सीमेमुळे. पंचविशीतल्या, कर्ज नसलेल्या, युरोपभर काम करू पाहणाऱ्या माणसाने उलट मत दिलं तर त्याचं मला आश्चर्य वाटणार नाही. तरुणांचा कल स्वातंत्र्याकडे आणि ज्येष्ठांचा ब्रिटनकडे, हे गेली अनेक वर्षं दिसतंच आहे.

पण ब्रिटनवाद्यांशी माझं एक कडक भांडण आहे. २०२२ च्या नोव्हेंबरमध्ये सर्वोच्च न्यायालयाने एकमताने ठरवलं, की लंडनच्या संमतीशिवाय होलीरूडला सार्वमत घेता येत नाही. कायद्याने ते बरोबरच असेल. पण मग मार्ग कोणता? उत्तर आयर्लंडसाठी १९९८ च्या करारात निदान एक लिहिलेला रस्ता आहे : बहुमत बदलल्याचं दिसलं तर सार्वमत. स्कॉटलंडसाठी तसं काहीच नाही. स्वेच्छेने एकत्र आहोत म्हणायचं आणि बाहेरचा दरवाजा कुठे आहे ते सांगायचं नाही, ही भूमिका टिकणारी नाही. २०२४ च्या संसदीय निवडणुकीत एसएनपी नऊ जागांवर घसरली म्हणून प्रश्न संपला असं मानणाऱ्यांनी २०१५ आठवावं. आदल्या वर्षी सार्वमत हरलेल्या या पक्षाने तेव्हा ५९ पैकी ५६ जागा जिंकल्या होत्या.

म्हणून मत मागायला दारात येणाऱ्या प्रत्येकाला विचारा. स्वातंत्र्यवाल्याला : माझं गृहकर्ज कोणत्या चलनात फेडायचं आणि ते चलन कधी येणार? ब्रिटनवाल्याला : किती काळ, किती बहुमत दिसल्यावर तुम्ही सार्वमताला हो म्हणाल? आणि मतदारयादीत नाव आहे ना ते पाहून ठेवा. भारतीय नागरिक राष्ट्रकुलातले असल्यामुळे ब्रिटनमध्ये राहण्याची परवानगी असेल तर होलीरूड, स्थानिक परिषद आणि वेस्टमिन्स्टर (लंडनची ब्रिटिश संसद) या तिन्ही निवडणुकांत त्यांना मत आहे. होलीरूड आणि परिषदेसाठी घरातल्या सोळा वर्षांच्या मुलांनाही आहे, आणि त्यांची नोंदणी चौदाव्या वर्षापासून करता येते.