मंडीत माहितीपट करायचाय? राजवाड्याजवळचं भाड्याचं किट कितपत कामाचं

बाजारभाव कसा ठरतो हे सामान्य प्रेक्षकाला दाखवायला इंदूरच्या छावणी किंवा लक्ष्मीबाई नगर धान्य मंडीइतकी सोयीची जागा नाही. सोयाबीनच्या ढिगाभोवती माणसं जमतात, बोली चढते आणि बघता बघता क्विंटलचा भाव पक्का होतो. या कामासाठी इंदूरच्या राजवाड्याजवळच्या दुकानातलं भाड्याचं 'मुलाखत किट' (रेकॉर्डर, माइक, दिवे, कार्ड) घ्यावं का? आवाजासाठी बिनधास्त घ्या. दिव्यांसाठी नको.

किटमधली खरी कामाची वस्तू म्हणजे झूम एफ-३ रेकॉर्डर. दोन एक्सएलआर (व्यावसायिक माइकच्या तारेचे) इनपुट, ३२-बिट फ्लोट (हळू आणि मोठा आवाज दोन्ही न फाटता टिपणारी पद्धत), आणि गेनचं, म्हणजे आवाजाची पातळी कमी-जास्त करण्याचं, बटणच नाही. बोली पुटपुटण्यावरून थेट आरोळीवर जाते, तिथे हातानं गेन सांभाळणं कठीणच. मात्र ही सोय रेकॉर्डरपुरतीच. बिनतारी माइकच्या ट्रान्समीटरमध्येच आवाज फाटला, तर फ्लोट काही करू शकत नाही. शिवाय २.४ गिगाहर्ट्झवरचे माइक गर्दीतल्या मोबाइलच्या वायफाय-ब्लूटूथमुळे अडखळतात. त्यामुळे लिलावात शॉटगन माइक (समोरच्या दिशेचाच आवाज पकडणारा) बूमवर, म्हणजे लांब दांड्यावर, डोक्यांच्या वरून तिरका धरून, तारेनंच जोडा. त्याला ४८ व्होल्ट फँटम पॉवर (रेकॉर्डरनं तारेतून माइकला दिलेली वीज) लागते आणि ती रेकॉर्डरचे साधे पेन्सिल सेल भराभर संपवते. रेकॉर्डरच्या यूएसबी-सीला पॉवर बँक लावा. एक्सएलआर केबल दुकानातच हलवून, हेडफोन लावून ऐका. जुन्या केबली खरखरतात.

आवाजाचा एवढा आग्रह का? कारण विषयच आकड्यांवर उभा आहे. २०२५-२६ साठी सोयाबीनचा हमीभाव ₹५,३२८ क्विंटल. बोली त्याखाली थांबली की प्रेक्षकाला वाटतं, व्यापाऱ्यानं कायदा मोडला. खरं तर हमीभाव हा सरकारी खरेदीचा भाव; खासगी लिलाव त्याला बांधलेला नसतो. हा गैरसमज निवेदनानं कमी आणि शेवटची बोली स्पष्ट ऐकू आल्यानं जास्त दूर होतो. त्याच ढिगाच्या ओलाव्याचं रीडिंगही त्याच शॉटमध्ये घ्या. चांगल्या मालाला १२ टक्क्यांची मर्यादा धरतात. ते दिसलं नाही तर शेजारच्या दोन ढिगांना वेगळा भाव का, हे एडिटिंगला बसल्यावर कुठल्याच ग्राफिकनं नीट सांगता येत नाही.

दिवे मात्र निराशा करतात. दोन एलईडी पॅनल वेगवेगळ्या जातीचे आहेत, दोन्ही ५६०० केल्व्हिनवर (दिवसाच्या उजेडाच्या रंगावर) ठेवले तरी एक हिरवट पडतो. व्यापाऱ्याच्या पेढीवर मुलाखत घेताना त्यांची गरजही कमीच: गादीवरची पांढरी चादर खालून छान उजेड देते. फक्त कॅमेरा ऑटोवर ठेवू नका. चादरीमुळे तो फसतो आणि शेठजींचा चेहरा काळा पडतो. ट्यूबलाइट असेल तर सेकंदाला २५ फ्रेम, शटर १/५०, नाहीतर पट्टे फिरतात.

कार्ड ६४ जीबीचं देतात. १०० एमबीपीएसवर तासाला ४५ जीबी जातात, म्हणजे दीड तासही पुरत नाही. १२८ मागून घ्या, देतात. डिपॉझिट आणि ओळखपत्राची प्रत लागते. भाड्याचा दिवस २४ तासांचा, सामान घेतल्यापासून मोजलेला. दुकान अकराला उघडतं, म्हणून सकाळच्या लिलावासाठी आदल्या संध्याकाळी, बंद होण्याच्या जरा आधीच, सामान उचला.